बोलिंगचा चेंडू घरी हाताने घासताना

भारतात बहुतेकांनी बोलिंग खेळलेले असते ते मॉलमध्ये. तिथे ओळीने मांडून ठेवलेले रंगीत, चकचकीत चेंडू पॉलिएस्टरचे असतात, कोणाचीही बोटे जातील अशी सैल भोके त्यांना पाडलेली असतात आणि टाकले की ते सरळ जातात. त्यांच्या पृष्ठभागाकडे निरखून पाहण्याचे खेळणाऱ्याला काही कारणच नसते. पुण्यात असताना मीही एवढेच बोलिंग ओळखत होतो. नोकरीच्या निमित्ताने मिशिगनला आल्यावर, डेट्रॉइटच्या आसपासच्या बोलिंग सेंटरांमध्ये सप्टेंबरपासून एप्रिलपर्यंत आठवड्याच्या ठरलेल्या संध्याकाळी चालणाऱ्या लीग पाहिल्यावर, आणि पुढे त्यांतल्याच एका लीगमध्ये सहकाऱ्यांनी ओढून नेल्यावर हा खेळ निराळाच असल्याचे ध्यानात आले. इथे चेंडू ज्याचा त्याचा असतो, भोके त्याच्या पंजाच्या मापाने पाडलेली असतात, आणि चेंडूचे कवच कोणत्या पदार्थाचे आहे व ते किती नंबरच्या घर्षक पॅडने (नंबर जितका मोठा तितके कण बारीक) घासलेले आहे यावर प्रौढ माणसे गंभीरपणे वाद घालतात.

माझा चेंडू १५ पौंडी, म्हणजे जवळजवळ पावणेसात किलोचा, गडद निळ्या रंगाचा आणि रिॲक्टिव्ह रेझिनचे कवच असलेला आहे. नवा असताना तो लेनच्या शेवटच्या भागात असा काही वळायचा की माझ्यासारख्या मध्यम कुवतीच्या खेळाडूच्या खात्यावरही अधूनमधून सलग स्ट्राइक, म्हणजे पहिल्याच चेंडूत दहाही पिना पाडणे, जमा व्हायचे. काही हंगाम वापरल्यावर मात्र तो मंदावत गेला. टाकण्यात फरक नव्हता, वेगही तोच होता, परंतु चेंडू वळायला उशीर करू लागला, पिनांवर आदळताना त्याच्यात जोर उरेना, आणि उजव्या कोपऱ्यातली दहा नंबरची पिन पुन्हा पुन्हा उभी राहू लागली.

हे असे का होते हे समजून घेण्यासाठी लेनची थोडी ओळख हवी. ज्या रेषेच्या अलीकडूनच चेंडू सोडायचा त्या फाउल रेषेपासून पहिल्या पिनेपर्यंतचे अंतर ६० फूट असते आणि लेनची रुंदी साडेतीन फुटांच्या आसपास, ३९ पट्ट्यांची. यातल्या पहिल्या साधारण ४० फुटांवर यंत्राने तेलाचा पातळ थर दिलेला असतो आणि त्यापुढचा भाग कोरडा असतो. चेंडू तेलावरून फिरत फिरत घसरत जातो, कोरड्या भागात त्याला पकड मिळते, तिथे तो दिशा बदलतो आणि मग लोळत पिनांमध्ये शिरतो. उजव्या हाताने खेळणाऱ्याचा चेंडू एक आणि तीन नंबरच्या पिनांमधल्या फटीत साधारण ६ अंशांच्या कोनाने शिरला तर स्ट्राइकची शक्यता सर्वांत चांगली मानली जाते. उजव्या कडेवरून सरळ टाकलेल्या चेंडूला त्या फटीत शिरताना, लेनच्या लांबीरुंदीमुळेच, दोन अंशही मिळत नाहीत. उरलेला कोन चेंडूने वळूनच मिळवायचा असतो आणि तो मिळणे न मिळणे हे लाकडाशी किंवा सिंथेटिक लेनशी चेंडूच्या कातडीचे घर्षण किती यावर ठरते.

चेंडूच्या जाहिरातींत मात्र त्याच्या पोटातल्या वजनदार गाभ्याची, म्हणजे कोअरची, चित्रे ठळकपणे छापलेली असतात. गाभ्याला महत्त्व आहेच. परंतु युनायटेड स्टेट्स बोलिंग काँग्रेस या इथल्या नियामक संस्थेने चेंडूच्या गतीचा जो सविस्तर अभ्यास केला, त्यात सर्वांत जास्त परिणाम करणाऱ्या घटकांत पृष्ठभागाचा खडबडीतपणा अगदी वर आला. हा खडबडीतपणा ज्या मापाने सांगतात ते आरए नावाचे माप, म्हणजे पृष्ठभागावरच्या उंचसखलपणाची सरासरी, यंत्र अभियांत्रिकीच्या विद्यार्थ्याला पहिल्या वर्षाच्या ड्रॉइंगच्या तासापासून पाठ असते. संस्थेच्या नियमानुसार चेंडूचा आरए ५० मायक्रोइंचांच्या, म्हणजे १.२७ मायक्रॉनच्या वर जाता कामा नये. चांगल्या लेथवर साधे टर्निंग केलेल्या भागावर १.६ मायक्रॉनचा उल्लेख आम्ही सर्रास करतो, तेव्हा ज्याला बोलिंगवाले ‘खरखरीत’ चेंडू म्हणतात तोही यंत्रशाळेच्या हिशेबाने बऱ्यापैकी गुळगुळीतच असतो. रोज ज्या आकड्यांत वावरतो तेच आकडे खेळातही भेटल्यामुळे मला या विषयाची गोडी लागली हे खरे.

रिॲक्टिव्ह रेझिनचे चेंडू १९९०च्या दशकाच्या सुरुवातीला बाजारात आले. त्याआधी युरेथेन होते, त्याआधी पॉलिएस्टर, त्याआधी कडक रबर आणि अगदी सुरुवातीला लिग्नम व्हिटे नावाचे जड लाकूड. रिॲक्टिव्ह रेझिनच्या कवचात सूक्ष्म छिद्रे असतात, त्यांच्यामुळे चेंडू लेनवरचे तेल थोडेथोडे पिऊन घेतो आणि म्हणूनच त्याला कोरड्या भागात एवढी पकड मिळते. याचीच दुसरी बाजू अशी की पीत राहिलेले तेल आत साचत जाते. शिवाय पॅडने मुद्दाम उमटवलेल्या बारीक ओरखड्यांची टोके लेनवर घासून झिजतात आणि चेंडू ज्या पट्ट्यावर लोळतो तेवढा पट्टा गुळगुळीत होत जातो. याला इथे ‘लेन शाइन’ म्हणतात. माझा चेंडू ट्यूबलाइटखाली धरून फिरवल्यावर हा पट्टा स्पष्ट दिसला. अंगठ्याच्या भोकाच्या बाजूने निघून मध्ये अरुंद होत पलीकडे पुन्हा रुंदावणाऱ्या वलयांचा तो पट्टा चकाकत होता आणि उरलेला चेंडू निस्तेज होता. त्याखेरीज चेंडू परत आणणाऱ्या यंत्रणेने काढलेले किरकोळ चरे होते. त्यांवरून नख फिरवून पाहिले. नख कुठे अडकले नाही, म्हणजे कवचाला खोल इजा नव्हती. नख अडकले असते तर हे काम घरी करण्याचा विचार मी सोडून दिला असता, कारण खोल खड्डा भरून काढायला रेझिन ओतावे लागते आणि ते जाणकाराच्या हातूनच व्हावे.

प्रो शॉपमध्ये, म्हणजे बोलिंगच्या सामानाच्या दुकानात, चेंडू घासून मिळतो. तिथे स्पिनर नावाचे यंत्र असते. एका वाटीत चेंडू बसवतात, वाटी वेगाने फिरते आणि वरून पॅड धरला की काम होते. असे यंत्र घरासाठी घ्यायचे तर काहीशे डॉलर पडतात आणि माझ्यासारख्याला ते वर्षातून मोजक्याच वेळा लागणार. आमच्या लीगमधले एक ज्येष्ठ गृहस्थ, ज्यांचे सारे आयुष्य मोटारींच्या रंगकामाच्या विभागात गेले, त्यांनी सांगितले की ते स्वतः वर्षानुवर्षे चेंडू हातानेच घासतात आणि त्यांच्या मते पहिला पॅड नीट चालवला तर पुढचे सगळे आपोआप होते. काम करून झाल्यावर मी त्यांच्या मताशी पूर्णपणे सहमत आहे, म्हणून पुढच्या वर्णनात पहिल्या पॅडलाच जास्त जागा दिली आहे.

घासण्याच्या आधी तेल काढावे लागते. तेल तसेच ठेवून घासायला घेतले तर ते वर येऊन पॅड चोंदतो आणि घासून झालेला चेंडूही पुन्हा लवकर निसरडा होतो. बोटांच्या भोकांवर जलरोधक चिकटपट्टी लावली, मोठ्या बादलीत भांडी घासायचा साबण घातलेले गरम पाणी घेतले आणि चेंडू त्यात पूर्ण बुडेल असा ठेवला. पाण्याचे तापमान मी स्वयंपाकघरातल्या थर्मामीटरने ५५ अंश सेल्सिअसच्या जवळ राखले. त्याहून फार गरम पाणी नको, आणि भट्टीत तापवणे किंवा डिशवॉशरमध्ये घालणे तर मुळीच नको. कवच आणि आतला गाभा वेगवेगळ्या वेगाने तापतात, फुगतात आणि चेंडूला तडा जाऊ शकतो. याच कारणासाठी इथल्या हिवाळ्यात चेंडू गाडीच्या डिकीत रात्रभर ठेवू नये असेही सगळे सांगतात. वीसेक मिनिटांनी चेंडू बाहेर काढला तेव्हा कवचावर तेलाचे बारीक थेंब घामासारखे फुटले होते. ते स्वच्छ फडक्याने पुसले, नवे गरम पाणी घेतले, पुन्हा बुडवला, आणि पाण्यावर तवंग दिसेनासा होईपर्यंत हाच क्रम चालू ठेवला. नंतर चिकटपट्टी काढून चेंडू दुसऱ्या दिवसापर्यंत खोलीच्या तापमानाला सुकू दिला.

साबणाऐवजी एखादे कडक रसायन वापरले तर काम झटपट होईल असा मोह होतो आणि ॲसिटोनची बाटली अनेक गॅरेजांत असतेच. तिला हात लावू नये. या खेळाच्या इतिहासात रसायनांचे एक प्रकरण फार गाजलेले आहे. १९७३च्या हंगामात डॉन मॅक्यून या व्यावसायिक खेळाडूने पॉलिएस्टरचे चेंडू द्रावकात भिजवून त्यांचे कवच मऊ केले, मऊ कवचाला लेनवर जास्त पकड मिळाली, आणि त्या वर्षीचा सर्वोत्तम खेळाडू तोच ठरला. तेव्हा हे नियमात बसत होते, कारण नियमच नव्हता. त्यानंतर चेंडूच्या कडकपणाची किमान मर्यादा ठरवली गेली. हॉटेलच्या खोल्यांमध्ये बादल्यांत चेंडू भिजत घालून निजणारे खेळाडू डोळ्यांसमोर आणले की हसू येते, पण त्या वाफांनी एखादी खोली पेटली असती तर ते हसण्यावारी गेले नसते.

साहित्य फारसे लागत नाही. मुख्य वस्तू म्हणजे फोमच्या पाठीचे गोल पॅड. फिनलंडच्या मिर्का कंपनीचे अबरालॉन हे सहा इंची पॅड या खेळात इतके रुळलेले आहेत की चेंडूच्या खोक्यावर कारखान्यातले फिनिशही त्यांच्याच नंबरांत लिहिलेले सापडते. त्यांवर सिलिकॉन कार्बाइडचे कण असतात आणि फोममुळे पॅड चेंडूच्या गोलाईला चिकटून बसतो. आपल्याकडे रंगारी जो वॉटर पेपर वापरतात तोही घासतो, परंतु नुसता कागद हाताने दाबला की बोटांखाली दाब जास्त पडतो आणि दोन बोटांच्या मधल्या जागी कमी, त्यामुळे पृष्ठभागावर लाटा उमटतात. मी ३६०, ५००, १००० आणि २००० नंबरचे पॅड घेतले. चेंडू स्थिर राहावा म्हणून पीव्हीसी पाइपचा चार इंची रुंदीचा छोटा तुकडा कापून त्याच्या कडेवर सायकलच्या ट्यूबची पट्टी चिकटवली आणि ही बैठक पसरट टबात टॉवेलवर ठेवली. याशिवाय पाण्याची फवारणीची बाटली, हातमोजे, पांढरी मेणाची पेन्सिल आणि भरपूर जुने सुती कपडे. काम सगळे ओले करायचे होते. पाण्यामुळे पॅड चोंदत नाही आणि रेझिनची धूळ हवेत उडून नाकातोंडात जात नाही. कोरडे घासायचे असेल तर मास्क लावल्याशिवाय कोणी सुरुवात करू नये.

स्पिनरवर चेंडू फिरतो आणि हात स्थिर असतो. घरी उलट असल्यामुळे कुठला भाग झाला आणि कुठला राहिला याचा हिशेब आपल्यालाच ठेवावा लागतो. यासाठी मी चेंडूच्या सहा बाजू कल्पिल्या, म्हणजे फाशाला असतात तशा, आणि प्रत्येक बाजूच्या मध्यावर मेणाच्या पेन्सिलीने आकडा लिहिला. एक बाजू वर घेऊन घासायची ती पुढच्या बाजूच्या हद्दीत बरेच शिरून, म्हणजे जोडावर पट्टी राहत नाही. त्यावर वर उल्लेखलेल्या गृहस्थांनी त्यांच्या रंगखात्यातली एक युक्ती शिकवली. मोटारीच्या पत्र्यावर प्रायमर घासण्यापूर्वी वेगळ्या रंगाची हलकी पूड किंवा फवारा मारतात, त्याला गाइड कोट म्हणतात. घासताना जिथे तो रंग शिल्लक राहिला तिथे पेपर पोचलेला नाही असे समजते. चेंडूवर हेच काम मेणाच्या पेन्सिलीने होते. सबंध चेंडूवर उभ्याआडव्या रेघांची विरळ जाळी काढायची आणि ती सगळीकडून सारखी पुसली जाईपर्यंत घासायचे.

मग ३६० नंबरचा पॅड हातात घेतला. पॅड आणि चेंडू दोन्ही ओले केले, तळहात सपाट ठेवला, बोटांची टोके उचलून धरली, आणि एक नंबरच्या बाजूवर आधी उभे, मग आडवे, मग लहान वर्तुळांत असे घासत गेलो. पहिल्या काही हातांना पॅड चेंडूला धरतो, आवाज करकरीत येतो आणि मनगटाला झटके बसतात. थोड्या वेळाने आवाज खाली उतरतो, हात सुटा चालू लागतो, आणि पॅडच्या कडेने निळसर दुधी चिखल बाहेर येऊ लागतो. हा चिखल म्हणजे कवचाचीच पूड. तो पुसला की खाली काय झाले आहे ते दिसते. पहिल्यांदा पुसल्यावर पेन्सिलीच्या रेघा गेल्या होत्या, मात्र ट्यूबलाइट तिरपी पडताच जुन्या चकाकत्या वलयांच्या कडा गडद पट्ट्यांसारख्या तशाच दिसत होत्या. रेघा पुसल्या जाणे म्हणजे पॅड तिथून फिरला एवढीच खूण. तिथला जुना पृष्ठभाग निघाला याची ती खूण नव्हे. म्हणून पुन्हा जाळी काढली, पुन्हा घासले, पुन्हा पुसून पाहिले.

इथे एक अनावर इच्छा होते, ती म्हणजे जो पट्टा दिसतो आहे तेवढाच दाबून घासावा. तसे केले तर पट्टा जातो खरा, पण चेंडू त्या जागी किंचित दबतो आणि ज्या भागावर तो लोळणार आहे नेमका तोच भाग गोलाईतून उतरतो. सहाही बाजूंना सारखे हात आणि सारखा दाब हा नियम मोडायचा नाही असे ठरवून मी मनात आकडे मोजत राहिलो. एखाद्या बाजूवर काम उरलेच तर फेरी सहाही बाजूंवरून पुन्हा करायची. कंटाळवाणे आहे, खांदे भरून येतात, आणि स्पिनर असता तर हे किती लवकर झाले असते हा विचार दर फेरीला येतो. परंतु हाताने घासण्याचा एक लाभ मला याच टप्प्यावर जाणवला. यंत्रावर ओरखडे एकाच दिशेने, वलयांत उमटतात आणि ते मोडण्यासाठी चेंडू वाटीत वेगवेगळ्या बाजूंनी बसवावा लागतो. हाताने ते मुळातच सर्व दिशांना पसरतात. चेंडू लेनवर कोणत्याही अक्षाभोवती फिरला तरी त्याला साधारण सारखाच पृष्ठभाग मिळतो.

भोकांच्या आजूबाजूला वेगळी काळजी घ्यावी लागते. पॅडचा मऊ फोम भोकात खचतो आणि कडा जास्त घासली जाते, म्हणून तिथे पॅड कडेला समांतर आणि हलक्या हाताने चालवला. अंगठ्याच्या भोकाची कडा थोडी गोलसर मुद्दाम केलेली असते, तिचा आकार बदलला तर चेंडू हातातून सुटण्याची वेळच बदलते आणि मग दोष पृष्ठभागाचा की हाताचा हे शोधत बसावे लागते.

एकूण किती द्रव्य निघाले असेल याचीही उत्सुकता असते. नियमानुसार चेंडूचा व्यास ८.५ इंचांहून कमी होता कामा नये आणि वरची मर्यादा ८.५९५ इंच आहे. हाताने ओले घासून निघणारा थर इतका पातळ असतो की मर्यादेची धास्ती घरी काम करणाऱ्याला वाटू नये. वर्षानुवर्षे यंत्रावर जाड नंबरने घासत राहणाऱ्यांनी मात्र मोजून पाहणे बरे.

पूर्वी घरात मोझॅकची फरशी बसवली की घासाईवाला यंत्र घेऊन यायचा आणि जाड दगडापासून बारीक दगडापर्यंत नंबर बदलत जायचा. जाड दगडाने राहिलेला उंचवटा बारीक दगडाने कधीच जात नाही, फक्त चकाकतो, हे त्याला विचारले की तो सांगायचा. चेंडूचे तंतोतंत तेच आहे. प्रत्येक पुढच्या पॅडचे काम मागच्या पॅडचे ओरखडे मिटवणे एवढेच असते. मागच्याच्याही मागे राहिलेल्या खुणा मिटवण्याची ताकद त्याच्यात नसते. त्यामुळे ३६० नंबरनंतर सबंध चेंडू एकसारखा राखाडी निळा, कुठेही पट्टा किंवा चकाकणारा ठिपका नसलेला दिसेपर्यंत पुढचे पाकीट फोडायचे नाही, हा या कामातला एकमेव कडक नियम म्हणता येईल.

नंबर बदलताना सगळे बदलावे लागते. टबातले पाणी टाकून टब धुतला, टॉवेल बदलला, बैठकीची रबरी कड पुसली, हातमोजे धुतले आणि चेंडू वाहत्या पाण्याखाली भोकांसकट साफ केला. भोकांत अडकलेला ३६० नंबरचा एखादा कण १००० नंबरच्या वेळी बाहेर आला तर तो एकटाच लांबलचक चरा काढतो. गढूळ पाणी मी सिंकमध्ये ओतले नाही. बादलीत निवळू दिले आणि तळाचा गाळ कागदात गुंडाळून कचऱ्यात टाकला.

पुढचे पॅड खरोखरच भराभर झाले. ५०० नंबरला पुन्हा एकदा पेन्सिलीची जाळी काढली, कारण ३६० ते ५०० हे अंतर दिसायला लहान असले तरी ३६०चे ओरखडे खोल असतात. १००० नंबरला चिखल पातळ झाला आणि पॅडचा आवाज जवळजवळ बंद झाला. २००० नंबरला हलक्या हाताने आणि भरपूर पाण्याने एकच पूर्ण फेरी मारली. दाब दिला तर बारीक पॅड घासण्याऐवजी घोटू लागतो आणि जागोजाग अकारण चकाकी येते.

इथे थांबायचे की पॉलिश लावायचे हा प्रश्न उरतो आणि त्यावर लीगमध्ये दोन तट आहेत. पॉलिश केलेला चेंडू तेलावर लांबवर घसरतो, आपली शक्ती शेवटासाठी राखतो आणि कोरड्या भागात एकदम वळतो. मॅट चेंडू लवकर पकड घेतो आणि मोठ्या, सावकाश वळणाने येतो. संध्याकाळच्या सुरुवातीला तेल ताजे आणि भरपूर असते, तेव्हा मॅट चेंडू बरा. दोन-तीन गेमनंतर सगळ्यांच्या चेंडूंनी तेल उचलून नेलेले असते, तेव्हा चकचकीत चेंडूचा उपयोग होतो. ज्यांच्याकडे चार चेंडूंची बॅग असते त्यांनी हवा तो पर्याय निवडावा. माझा चेंडू कारखान्यातून २००० नंबरच्या मॅट फिनिशमध्ये आला होता आणि भोकांची मांडणी त्याच्या गाभ्याला आणि त्या फिनिशला धरूनच दुकानदाराने ठरवली होती, म्हणून मी पॉलिशची बाटली उघडलीच नाही. एक व्यावहारिक विचारही होता: मॅटवरून चकचकीतकडे जायला काही मिनिटे पुरतात, उलट यायचे तर पुन्हा पॅड हातात घ्यावा लागतो.

कारखान्यात खडबडीतपणा मोजताना पृष्ठभागावरून हिऱ्याच्या टोकाची सुई ओढतात. घरी ट्यूबलाइट पुरते. तेल काढण्यापूर्वी चकाकत्या पट्ट्यात ट्यूबच्या दोन्ही कडा स्पष्ट दिसत होत्या. आता चेंडू कसाही फिरवला तरी ट्यूबचा एक रुंद, धुरकट पांढरा डाग दिसत होता, आणि मुख्य म्हणजे फिरवताना त्या डागाची रुंदी कुठेही बदलत नव्हती. रुंदी बदलली असती तर त्या जागी घासाई असमान झाली असे समजायचे.

लेनवर पहिला चेंडू टाकला तेव्हा तो माझ्या नेहमीच्या रेषेवरून इतका लवकर वळला की पहिल्या पिनेच्या डावीकडे गेला. हे अपेक्षितच होते. नव्याने घासलेल्या पृष्ठभागाची धार पहिल्या काही चेंडूंत सर्वांत तीव्र असते. उभे राहण्याची जागा काही पट्ट्या डावीकडे सरकवली, लक्ष्य त्याहून थोडे कमी सरकवले, आणि चेंडू पुन्हा फटीत शिरू लागला. परत आलेल्या चेंडूवर तेलाची वलये एकमेकांपासून सुटी, स्वच्छ उमटलेली दिसत होती. पूर्वी ती एकमेकांत मिसळलेली, फिसकटलेली असायची. दहा नंबरची पिन अजूनही अधूनमधून उभी राहते, पण तिच्यासाठी आता चेंडूला बोल लावता येत नाही.

हे फिनिश टिकत नाही हे आधीच माहीत असावे. काही गेममध्येच २००० नंबरची धार बोथट होऊ लागते. म्हणून सराव सुरू होण्याआधी मी २००० नंबरच्या जुन्या पॅडने सहाही बाजूंवर मोजके हात मारतो. स्पर्धा सुरू झाल्यावर पॅडला हात लावण्यास मनाई आहे; खेळ चालू असताना घर्षक वस्तूने पृष्ठभाग बदललेला चेंडू स्पर्धेतून बाद होतो. आता तर खेळ चालू असताना द्रव क्लीनर वापरण्यासही बंदी आहे, त्यामुळे दोन फेकींच्या मधे चेंडूवरचे तेल कोरड्या मायक्रोफायबरच्या फडक्याने पुसण्याची सवय लावून घ्यावी लागते. मला विचाराल तर सगळ्या देखभालीत ही सवय पहिल्या क्रमांकाची आहे, कारण पुसलेले तेल चेंडूत मुरत नाही आणि गरम पाण्याची बादली तेवढीच उशिरा काढावी लागते. पूर्ण घासाई साठेक गेमनंतर करावी असा सर्वसाधारण सल्ला आहे. मी गेम मोजण्याऐवजी ट्यूबलाइटखाली पट्टा दिसू लागला की ५०० नंबरपासून सुरुवात करतो. ३६०पर्यंत खाली जाण्याची गरज दर वेळी पडत नाही. वापरलेल्या पॅडच्या पाठीवर मार्करने ‘नवा’, ‘निम्मा’, ‘फक्त शेवटच्या हातासाठी’ असे लिहून ठेवले आहे, कारण निम्मा झिजलेला ५०० नंबरचा पॅड प्रत्यक्षात बराच बारीक झालेला असतो आणि छापलेल्या नंबरावर विसंबले तर हिशेब चुकतो.

बॅगेतला दुसरा चेंडू पॉलिएस्टरचा आहे. उरलेल्या एकट्यादुकट्या पिनांवर, विशेषतः त्या दहा नंबरवर, सरळ टाकण्यासाठी तो वापरतो. त्याच्या कवचात तेल मुरत नाही, चकाकी आहे तशीच त्याला हवी आहे, आणि फडक्याखेरीज त्याला अजून काही लागलेले नाही.